माशीच्या घराचा ठसा

पाच कोनांच्या लादीने अंगण भरत नाही, हे मला धुळ्याच्या एका ठेकेदाराने शिकवलं. शिकवायचा त्याचा काही विचार नव्हता. मंगल कार्यालयाच्या अंगणासाठी सिमेंटच्या लाद्यांचा साचा करून घ्यायला तो जळगावला माझ्या कारखान्यात आला आणि आल्या आल्या म्हणाला, “उस्मानभाऊ, चौकोनी-बिकोनी नको. पाच कोन काढा. हाताला बोटं पाच, पांडव पाच, लग्नाला सवाष्णी पाच. पाच म्हंजे शुभ.”

मी पत्र्याचे पंचकोनी तुकडे कापले, सगळ्या बाजू सारख्या, सगळे कोन सारखे, आणि त्याच्यासमोर टेबलावर मांडले. एका टोकाभोवती तीन तुकडे नीट बसले आणि चौथ्याच्या जागी एक निमुळती फट राहिली. तुकडे फिरवले, उलटे केले, पण फट काही हलेना. मग ठेकेदाराने बाह्या सरसावून स्वतः हात घातला. घामाघूम झाला आणि शेवटी वैतागून म्हणाला, “मंग असं करा भाऊ, ह्या फटीचापण एक साचा करा!”

तो गेल्यावर मी कोनमापक घेऊन बसलो. एका ठिपक्याभोवतीची पूर्ण फेरी तीनशे साठ अंशांची. पंचकोनाचा एक कोन एकशे आठ. तीन लावले की तीनशे चोवीस होतात. उरलेल्या छत्तीस अंशांत चौथा मावत नाही. त्रिकोणाचा कोन साठ, सहा लावा, फेरी पूर्ण. चौकोनाचा नव्वद, चार लावा, पूर्ण. षटकोनाचा एकशे वीस, तीन लावा, पूर्ण. बास! बाजू सारख्या आणि कोनही सारखे ठेवायचे म्हटलं तर जगात फटीवाचून अंगण भरणाऱ्या लाद्या या तीनच. चौथी जन्मालाच आलेली नाही. मला इतका आनंद झाला की जेवताना मी शमीमला, म्हणजे माझ्या बायकोला, पोळीचे तुकडे करून दाखवत बसलो. ती म्हणाली, “आधी खा. मग जग भरा.”

माझा धंदा साच्यांचा. साबणाच्या वडीवरचं नाव, बिस्किटावरची नक्षी, मेणबत्तीचा पीळ, शेव पाडायच्या यंत्राची चकती, हे सगळं आधी कुणीतरी धातूत उलटं कोरलेलं असतं. तो कुणीतरी म्हणजे मी. गिऱ्हाइकाला सुलटं दिसावं म्हणून आम्ही जन्मभर उलटं बघतो. माझे अब्बा सोनारांचे ठसे करायचे. जळगावात सोन्याला मान, सोनाराला त्याहून मान, आणि ठसेवाल्याचं नाव कुणाला ठाऊक नसायचं. अब्बांना त्याचं दुःख नव्हतं. त्यांचे दोन नियम होते. पहिला, वरचा ठसा आणि खालचा ठसा डोळ्याला डोळा भिडवून बसले पाहिजेत, केसभर इकडे तिकडे चालणार नाही. दुसरा, माल हातात घेतला की साच्याची शिवण दिसता कामा नये. “माल दिसावा, साचा दिसू नये,” असं ते म्हणायचे. शिवण म्हणजे दोन साचे जिथे मिळतात तिथे मालावर उठणारी बारीक रेघ. ती कितीही घासली तरी अनुभवी नजरेला सापडतेच. माझ्या आजवरच्या प्रत्येक मालावर मला ती सापडली आहे.

धंद्यात काय काय केलं त्याची जंत्री इथे देत नाही, ती मलाच कंटाळवाणी वाटते. त्यापेक्षा एका हिवाळ्याचं सांगतो. त्या हिवाळ्यात मी अब्बांचा पहिला नियम मोडला आणि तो मोडताना जेवढी मजा आली तेवढी तो पाळताना कधी आली नव्हती.

दिवाळी होऊन गेली होती. चोपड्याच्या पुढे, सातपुड्याच्या पायथ्याच्या एका पाड्यावरून एक बाई कारखान्यात आली. रमीअक्का. सातपुड्यातली पावरा आदिवासी, वयाने माझ्याहून थोडी लहान, पण सगळे अक्का म्हणायचे म्हणून मीही म्हणू लागलो. घरी ती पावरी बोलते, आमच्यासारख्या बाजारच्या लोकांशी अहिराणी. तिने टेबलावर एक फडकं सोडलं. आत मधमाश्यांच्या पोळ्याचा तुकडा होता, नवाकोरा, पिवळट पांढरा.

“भाऊ, याना ठसा कराना शे,” ती म्हणाली.

याचा ठसा करायचा आहे म्हणजे, मला वाटलं, बिस्किटाची नक्षी असेल. तशी नव्हती. अक्काचं घराणं रानातून मध काढणारं. पूर्वी धूर करायचा, पोळं कापायचं, मध घ्यायचा, माश्या गेल्या तर गेल्या. ती आता पेट्यांत माश्या पाळू लागली होती, आपली गावठी सातेरी माशी. पेटीत लाकडी चौकटी टांगतात आणि चौकटीत मेणाचा पातळ पत्रा बसवतात. त्या मेणपत्र्यावर दोन्ही बाजूंनी माशीच्या घरांच्या तळांचे ठसे असतात. माशी त्या रेघांवर भिंती चढवते आणि पोळं सरळ चौकटीत बांधलं जातं. रिकामी चौकट दिली तर ती मनाला येईल तसं, आडवं बांधते, दोन चौकटी एकमेकींना जोडून टाकते. मग मध काढायचा म्हणजे पुन्हा पोळं कापणं आलं. शिवाय पत्रा दिला की माशीचं मेण वाचतं. मेण म्हणजे माशीच्या अंगातून निघणारा ऐवज, वाटीभर मेणासाठी तिला कितीतरी वाट्या मध खावा लागतो.

“मंग बाजारात पत्रे मिळतात की,” मी म्हटलं.

“मियतस. पन त्या मोठी माशीना मापना. मन्या माश्या ल्हान्या शेतस. घर मोठं पडनं का त्यामा नर पैदा व्हतस.” तिने हात उडवला. “नर काम करतस नही. बठ्ठा नुसता खातस.”

चहा घेऊन आलेली शमीम दारातच म्हणाली, “आमच्याकडे लहान घरातपण तेच आहे.” दोघी अशा हसल्या की त्या दिवसापासून अक्का आधी घरात जायची आणि मग कारखान्यात यायची.

पण गोष्ट हसण्यावारी नेण्याची नव्हती. तिच्या पाड्यावरची निम्मी माणसं दिवाळीनंतर ऊस तोडायला गुजरातेत जातात. अक्काही वर्षानुवर्षं जात होती. त्या वर्षी पहिली गाडी तिने सोडून दिली होती. पारोळ्याकडच्या कांद्याचं बियाणं करणाऱ्या एका शेतकऱ्याला फुलोऱ्याच्या वेळी माश्यांच्या पेट्या शेतात हव्या होत्या, आणि अक्काने हो म्हटलं होतं. पण आपली सातेरी माशी मानी असते. घर मनासारखं नसलं की भांडत बसत नाही, सगळं मोहोळ उचलून निघून जाते.

“सक्रात व्हयनी का दुसरी गाडी निघस,” अक्का म्हणाली. “माश्या राहिन्यात ते मी राहसू. नही ते मीबी जासू.”

मी तुकडा भिंगाखाली धरला आणि माझं डोकंच फिरलं! ती भिंत कागदाहून पातळ. कोन एकशे वीसचे, ज्याच्यासाठी मी टेबलावर पट्ट्या घासत बसतो ते. धुळ्याच्या ठेकेदाराला मी जी लादी शेवटी गळ्यात मारली होती तीच ही षटकोनी लादी. आणि शेवेच्या चकतीची भोकंही मी अशीच पाडतो, एका ओळीच्या फटीसमोर दुसऱ्या ओळीचं भोक, कारण तशी पाडली की तेवढ्याच चकतीत जास्त भोकं मावतात आणि चकती फाटतही नाही. खानदेशातली अर्धी शेवभाजी माझ्या षटकोनातून पडलेली आहे, आणि माशी त्याच धंद्यात आहे हे मला साठीला आल्यावर कळत होतं.

माझी मुलगी नसरीन कॉलेजात गणित शिकवते. घरी आम्ही हिंदीत बोलतो, वाद मात्र मराठीत घालतो, तो मराठीत जास्त रंगतो. मी तिला विचारलं, “तीन लाद्या अंगण भरतात. मग माशीने षटकोनच का धरला? चौकोन काय वाईट होता?”

तिने पत्र्याच्या पट्ट्या मागितल्या. एकाच क्षेत्रफळाची जागा वेढायची, त्रिकोणाने, चौकोनाने आणि षटकोनाने, आणि भिंत किती लागते ते मोजायचं. चौकोनाला शंभर बोटं भिंत लागली तर त्रिकोणाला एकशे चौदा लागते आणि षटकोनाला त्र्याण्णव. जागा तेवढीच, मेण कमी. आणि हे नुसतं या तिघांत नाही, ती म्हणाली. सपाट जागेचे सारखे भाग पाडायचे असतील तर वाकड्यातिकड्या, गोलसर, कुठल्याही आकाराने पाडा, षटकोनाहून कमी भिंतीत ते होत नाही. लोकांना याचा संशय फार जुना, पण पक्कं सिद्ध झालं ते अगदी आपल्या काळात.

“म्हणजे माशी हजारो वर्षं थांबली होती, तुमची शिफारस कधी येते म्हणून?” मी म्हटलं.

“माशी सिद्ध करत नाही अब्बा, बांधते.”

“मी पण!”

तर बांधायला बसलो. आधी माप. एक घर मोजलं तर चूक होते, म्हणून सरळ रांगेतली दहा घरं मोजायची आणि दहाने भागायचं. अब्बांच्या पेटीत सोनारांची जंत्री होती, म्हणजे तार ओढून बारीक करायची भोकांची पट्टी. तिच्यासारखीच मी षटकोनी भोकाची पट्टी केली आणि तिच्यातून पितळी सळया ओढल्या. त्यांचे बोटभर लांबीचे तुकडे कापले, टोकं सपाट घासली आणि चौकटीत उभे ठासून भरले. षटकोनी सळया एकमेकींना अशा बिलगतात की मध्ये सुईला जागा राहत नाही. असे दोन पाट केले, एक वर, एक खाली, पुस्तकासारखे बिजागरीने जोडले. मध्ये पातळ मेण ओतायचं, मिटायचं, थंड झालं की उघडायचं. सळयांच्या टोकांच्या कडा जरा घासून उतरवल्या होत्या म्हणून भिंतींच्या रेघा उमटायच्या. आणि अब्बांच्या नियमाप्रमाणे वरची सळई खालच्या सळईच्या बरोबर डोक्यावर. डोळ्याला डोळा! एवढा जुळलेला साचा मी आयुष्यात केला नव्हता. पत्रा उजेडात धरला तर दोन्ही बाजूंची जाळी एकच वाटायची. अक्का पत्रे घेऊन गेली तेव्हा मी शेजारच्या कारखानदारालाही बोलावून ते दाखवले होते.

थोड्याच दिवसांत अक्का परत आली. फडक्यात पत्रा नव्हता, पत्र्याचा चुरा होता.

“दखा भाऊ. बठ्ठं कुरतडी टाकं.” ती खाली बसली. “एक पेटीमान्या माश्या ते उडी ग्यात.”

करायला गेलो गणपती आणि झाला मारुती, असं मी गिऱ्हाइकांच्या तोंडून ऐकलं होतं, स्वतःच्या तोंडून प्रथमच ऐकलं. माप बरोबर होतं, मी पुन्हा मोजलं. मेण तिच्याच माश्यांचं होतं. कोन बरोबर. मग खोट कुठे? शिल्लक राहिलेल्या तुकड्यांत दिसत होतं की माश्यांनी एका बाजूच्या रेघा पाळल्या होत्या आणि दुसऱ्या बाजूच्या खरवडून काढल्या होत्या. जणू एक बाजू त्यांना मान्य होती आणि दुसरी नाही. पण दोन्ही बाजू तर हुबेहूब सारख्या होत्या!

मला खरंच वाईट वाटलं. गिऱ्हाईक रागावून ओरडलं तर बरं असतं, त्याला चहा पाजता येतो. अक्का ओरडली नाही. शांतपणे म्हणाली की मुकादमाचा निरोप आलाय, गाडीत जागा धरू का विचारतोय. उत्तर द्यायला तिच्याकडे संक्रांतीपर्यंतचाच वेळ होता.

“अक्का, तू आणलेला पोळ्याचा पहिला तुकडा काढ बरं,” मी म्हटलं. तो माझ्याच टेबलाच्या खणात होता. तिने काढला आणि दारात उन्हात जाऊन वर धरला, बाजारात आपण नोट बघतो तसा. मीही मागून डोकावलो. नव्या पोळ्यातून ऊन आरपार येत होतं, आणि प्रत्येक षटकोनाच्या तळाशी तीन बारीक रेघा दिसत होत्या, मधून निघून तीन दिशांना गेलेल्या.

“हे काय?” मी विचारलं.

“हाऊ ते चिमनीना पाय,” अक्का म्हणाली. “नवा पोयामा दिसस. आमना बाप सांगे, चिमनीना पाय दिसना का पोयं खरं.”

“पण का दिसतो?”

“ते माले माहीत नही. दिसस, बस.”

चिमणीच्या पायाचे तीन बोटांचे ठसे, प्रत्येक घरात एक, सगळे एकाच दिशेला तोंड करून. मी आत धावलो, माझ्या मेणाच्या पत्र्याचा तुकडा आणला, उन्हात धरला. त्यात पाय नव्हता. रिकामे षटकोन. आणि तेवढ्यात डोक्यात काहीतरी हललं. मी शमीमला हाक मारली, “सुई आण!”

सुई आली. एका घराच्या तळाला, चिमणीच्या दोन बोटांच्या मध्ये, मी हळूच टोचलं. अक्काने तुकडा उलटा केला आणि सुई कुठल्या घरात निघाली तिथे बोट ठेवलं. मग त्याच घराच्या तळाला दुसऱ्या दोन बोटांच्या मध्ये टोचलं. सुई निघाली शेजारच्या घरात! तिसऱ्यांदा टोचलं, तर आणखी तिसऱ्याच घरात. एक घर इकडून, तीन घरं तिकडून! इकडच्या एका घराचा तळ म्हणजे तिकडच्या तीन घरांचा एक एक तृतीयांश. जिथे तिकडच्या तीन भिंती मिळतात तिथे इकडच्या घराचा बरोबर मध्यबिंदू येतो. चिमणीचा पाय म्हणजे पलीकडच्या तीन भिंतींची सावली!

“डोळ्याला डोळा नाही!” मी ओरडलो. “डोळा तिघांच्या मध्ये!”

अक्काने एकदा माझ्याकडे पाहिलं आणि एकदा शमीमकडे. शमीम म्हणाली, “काळजी करू नको. हे असं होतं यांना.”

आता विचार करा, माशी किती शहाणी. पातळ तळ असा ठेवला की प्रत्येक तळाला मागून तीन भिंतींचा टेकू मिळतो. माझ्या जुळलेल्या साच्यात तळ बिचारा नुसताच ताणलेला, मागे कुणी नाही. सुतार फळीच्या मधोमध खालून दांडी मारतो की नाही, तेच. आयुष्यभर मी ज्या जुळणीचा अभिमान धरला, ती माशीच्या दृष्टीने अडाण्याचं काम होतं. माश्यांनी एक बाजू ठेवली आणि दुसरी खरवडून सरकवायला घेतली, म्हणजे मला दुरुस्तीच पाठवली होती की!

पण नुसतं सरकवून भागणार नव्हतं. तळ सपाट नव्हता. पोळ्याच्या तुकड्यावर मी पातळ प्लास्टर ओतलं, सुकू दिलं आणि गरम पाण्यात मेण उतरवलं. हातात आलेली गोष्ट बघून मी खुर्चीवरच बसलो. प्रत्येक घराच्या तळाचा ठसा म्हणजे एक टोकदार शिखर, शंकरपाळ्यासारख्या तीन सारख्या तिरप्या पाट्यांनी झालेलं. शंकरपाळा जरा लांबट. त्याचा मोठा कोन किती? प्लास्टरवर कोनमापक ठेवून, भिंग लावून, मी पुन्हा पुन्हा मोजत राहिलो.

नसरीन तेव्हा स्वयंपाकघरात कॅलेंडरच्या जुन्या पानामागे हिशेब मांडत होती. तिला मी फक्त एवढंच सांगितलं होतं की षटकोनी नळी आहे, तिचं बूड तीन शंकरपाळ्यांचं आहे, आणि मेण कमीत कमी लागायला हवं. तर शंकरपाळ्याचा कोन किती हवा? तिने पोळं बघायचं नाही आणि मी तिचा कागद बघायचा नाही, अशी आमची पैज. मी खडूने तळहातावर लिहिलं, तिने पान उलटं धरलं, आणि शमीमने “हं, दाखवा” म्हटलं.

माझ्या हातावर होतं, एकशे नऊ आणि दहाच्या मध्ये. तिच्या पानावर होतं, एकशे नऊ अंश अठ्ठावीस मिनिटं.

आम्ही बापलेक स्वयंपाकघरात अक्षरशः नाचलो. तिने गणितातून काढलं, मी प्लास्टरवरून मोजलं, आणि माशीने अंधाऱ्या पेटीत, कोनमापक नाही की कॅलेंडर नाही, नुसत्या गर्दीत बांधलं. कसं जमतं तिला, याबद्दल नसरीनने दोन तट सांगितले. कुणी म्हणतं, माशी गोल घरंच बांधते आणि ऊबदार मेण एकमेकांना दाबून षटकोनी होतं, ताटलीतल्या साबणाच्या बुडबुड्यांसारखं. कुणी म्हणतं, नाही, ती डोकं आणि पाय लावून कोन करत जाते. मला दोन्ही पटतात. मी स्वतः साचा कसा करतो हेही मला कुठे नीट सांगता येतं.

मग नसरीन जरा घुटमळली. “अब्बा, एक गोष्ट आहे. पुढे एका गणितवाल्याने दाखवून दिलं की तळाचा याहून चांगला आकार आहे. त्याला केसभर मेण कमी लागतं. म्हणजे माशीचं घर अगदी शंभर नंबरी नाही.”

तिला वाटलं, मी हिरमुसेन. उलट मला माशी तेव्हा जास्त आवडली! केसभराची सूट! आमच्या धंद्यात प्रत्येक मापाला सूट द्यावी लागते, म्हणजे जरा कमीजास्त चालवून घ्यावं लागतं. सूट न देता काम करायला जातो तो कारागीर एकही माल वेळेवर देत नाही. त्या गणितवाल्याचा तळ जास्त किचकट आहे म्हणे, चार तुकड्यांचा. तीन तुकड्यांत काम होत असताना केसभर मेणासाठी चौथा कोण जोडत बसणार? माशीलाही संक्रांतीच्या आत माल द्यायचा असतो.

याच बोलण्यात तिने आणखी एक बातमी दिली, त्या बातमीने मात्र मी खरंच हिरमुसलो. कोन सारखे ठेवायचा हट्ट सोडला, तर पंचकोनी लाद्यांनीही अंगण छान भरतं. तिने चित्र काढून दाखवलं. म्हणजे धुळ्याचा तो ठेकेदार अगदीच चुकीचा नव्हता, मीच त्याला तीन लाद्यांचं गणित सांगून षटकोन गळ्यात मारला. त्याचा फोन आता लागत नाही. कुणाला तो भेटला तर सांगा, तुमचा शुभ साचा निघतो, या.

पुढचे दिवस मी सळयांची टोकं घासण्यात घालवले. प्रत्येक टोकाला तीन तिरप्या पाट्या, कोन तोच, आणि सगळ्या सळयांची तोंडं एकाच दिशेला. एक फिरली की शेजारच्या सगळ्या बिघडतात. डोळे चुरचुरायचे, बोटांना घट्टे पडले. शेजारचा कारखानदार म्हणाला, संगणकाच्या यंत्रावर दे, एका दिवसात होईल. होईलही. पण त्या यंत्राला मी काय सांगणार होतो? मलाच हातांना विचारून विचारून कळत होतं.

दोन्ही पाट तयार झाले तेव्हा अक्का समोर होती. ती त्या दिवशी मुकादमाला उत्तर द्यायलाच खाली उतरली होती आणि वाटेत माझ्याकडे थांबली होती. मी वरचा पाट खालच्यावर ठेवला. सवयीने आधी टोकावर टोक आलं. पाट डगमगला, दोन शिखरं एकमेकांवर उभी राहतील कशी? मी डोळे मिटले, अब्बांची मनातल्या मनात माफी मागितली आणि पाट जरासा सरकवला. टक्! वरचं प्रत्येक टोक खालच्या तिघांच्या मधल्या खड्ड्यात जाऊन बसलं. सगळीच्या सगळी, एकाच वेळी. मी पाट हलवून पाहिला, तो हलेना. अक्काने दोन्ही हातांनी हलवून पाहिला.

“बठनं,” ती म्हणाली.

पहिला पत्रा ओतला. उघडला. अक्काने तो माझ्या हातून घेतला, दारात गेली आणि उन्हात धरला. जरा तिरपा करून पाहिला. मग माझ्याकडे न बघताच म्हणाली, “चिमनीना पाय शे.”

त्या दिवशी तिने मुकादमाला काय सांगितलं ते मी विचारलं नाही. ती पत्रे घेऊन चोपड्याच्या एसटीत बसली आणि मी दुसरं काम हातात घेतलं, निदान तसं दाखवलं. शेवेच्या एका चकतीला मी त्या दिवसांत इतकी चुकीची भोकं पाडली की ती शेवटी भंगारात गेली. शमीम रोज विचारायची, फोन आला का. सातपुड्याच्या पायथ्याला फोन लागणं म्हणजे नशिबाचा खेळ. संक्रांत आली, तिळगूळ वाटून झाला. मला सारखी ती गाडी दिसायची, माणसांनी भरलेली, आणि त्यात अक्का.

संक्रांतीनंतर एके दिवशी दुपारी अक्का कारखान्यात उभी. घरात न जाता थेट माझ्याकडे.

“गाडी?” माझ्या तोंडून एवढंच आलं.

“गई. कालदिनच गई.” तिने डोक्यावरचं फडकं खाली ठेवलं. “मी नही गऊ.”

फडक्यात चौकट होती, आणि चौकटभर पोळं, एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत सरळ, दोन्ही बाजूंनी बांधलेलं. कोपऱ्यात मधाची घरं बंद केलेली, मध्ये रिकामी घरं, ही चौकट तिने मला दाखवायला म्हणून मुद्दाम काढून आणली होती आणि लगेच परत नेणार होती. सगळ्या पेट्यांत असंच आहे, म्हणाली. रिकाम्या झालेल्या पेटीतही नवं मोहोळ येऊन राहिलं होतं. पारोळ्याच्या शेतात कांद्याला फुलं धरली की पेट्या तिकडे जाणार होत्या.

मी भिंग घेतलं. माझा पत्रा या पोळ्याच्या पोटात होता. तो कुठे संपतो आणि माश्यांचं मेण कुठे सुरू होतं ते मला बघायचं होतं. शिवण शोधायची सवयच मला. कडेने बघितलं, तळ बघितले, उन्हात धरून चिमणीचे पाय बघितले. एक भिंत मी अक्काच्या परवानगीने नखाने जराशी मोडूनही पाहिली. रेघ नव्हती. कुठेच नव्हती. अक्का माझ्या खांद्यावरून बघत होती.

“यामा तुमनं कोनतं नि माशीस्नं कोनतं,” ती म्हणाली, “माले सांगता येस नही.”

अब्बा असते तर त्यांच्या हातात भिंग देऊन म्हटलं असतं, शोधा. ते गेले त्याला बरीच वर्षं झाली. माझे डोळे भरून आले आणि त्याच वेळी मला इतकं हसू फुटलं की चौकट हातातून पडेल म्हणून अक्काने ती काढून घेतली. मी दारात गेलो आणि घराच्या दिशेने, सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असा ओरडलो:

“शमीम! लवकर ये! बघ, माझं काहीच दिसत नाही!”